अर्धी मात्रा

"जोडीदाराचं नाव?" टेबलापलीकडच्या बाईंनी विचारलं, आणि बब्रुवाननं सांगितलं, "गुरुलिंग."

बाईंचं पेन कागदावर टेकता टेकता थांबलं. त्यांनी चष्म्यावरून त्याच्याकडं पाहिलं. "गुरुलिंग हे मिसेसचं नाव?" त्यांच्या आवाजात थट्टा नव्हती. दिवसभर असल्या चुका दुरुस्त करणाऱ्या माणसाचा तो आवाज होता. बब्रुवान म्हणाला, "न्हाय, न्हाय. द्वारका. द्वारकाबाई लिवा." त्यांनी तसं लिहिलं. मग हयात का, म्हणून विचारलं. तो हो म्हणाला. वृद्ध कलावंतांच्या मानधनाचा अर्ज होता. लेकीनं, करिश्मानं, लोहाऱ्यात बसून बराचसा भरून दिला होता, तरी तीन-चार रकाने कोरे राहिले होते. कलाप्रकाराच्या रकान्यात तिनं 'इतर' लिहिलं होतं. इतर म्हणजे काय, असं बाईंनी विचारलं तेव्हा तो म्हणाला, "रेगे." बाई म्हणाल्या, "काका, आडनाव नाही, प्रकार विचारतेय. भजन, शाहिरी, भारूड, त्यातला कोणता?" तो म्हणाला, "प्रकारच हाय त्यो." हा गैरसमज त्याच्यासाठी तीस वर्षं जुना होता. पहिल्या बोर्डावर 'रेगे गायन' असं लिहिल्यावर मुरूमच्या मंडळातल्या एका मास्तरांनी, तुमच्यातले रेगे कोण, कोकणातले का, असं विचारलं होतं, आणि गुरुलिंगनं गंभीरपणे सांगितलं होतं, रेगे यायलेत मागच्या गाडीनं. बाईंनी प्रकारही लिहून घेतला. मग म्हणाल्या, "दोघांनी मिळून कार्यक्रम करत होता ना तुम्ही? मग त्या दुसऱ्यांचं एक पत्र जोडा. इतकी इतकी वर्षं बरोबर होतो म्हणून. असा प्रकार कुणाला माहीत नसतो, पत्र असलं की मला पुढं पाठवायला बरं पडेल." तो बरं म्हणाला आणि फाईल काखेत घेऊन बाहेर आला.

बाहेर धाराशिवचं अकराचं ऊन होतं. कडुलिंबाखाली मोटारसायकली दाटीनं लावलेल्या, आणि झेरॉक्सच्या दुकानासमोर माणसं आपापले कागद छातीशी धरून उभी. बब्रुवान त्यांच्यात थोडा वेळ उभा राहिला. त्याला लाज वाटत नव्हती. दाढ काढल्यावर तिथं जीभ पुन्हा पुन्हा जाते, तसं काहीतरी झालं होतं. बारा वर्षांत त्यानं ते नाव घरात उच्चारलं नव्हतं. ठरवून नव्हे, पण उच्चारलं नव्हतं. आणि आज एका अनोळखी बाईनं साधा प्रश्न विचारला तर ते आधीच तोंडात तयार होतं, हाक मारायच्या आत बाहेर पडणाऱ्या माणसासारखं. स्टँडवर आला तेव्हा उमरग्याची गाडी लागलेली होती. लोहाऱ्याची यायला अजून अवकाश होता. तो उमरग्याच्या गाडीत चढला आणि डाव्या बाजूच्या खिडकीशी बसला. तुळजापूरच्या अलीकडं करिश्माचा फोन आला. "अण्णा, झालं का काम?" "एक कागद राह्यलाय." "कुणाचा?" "गुरुकाकाचा." पलीकडं वर्गातल्या पोरांचा गलका ऐकू येत होता; ती लोहाऱ्याच्या शाळेत शिकवते. ती म्हणाली, "मग?" "चाललोय." "फोन करून जा की." "न्हाय," तो म्हणाला, "फोन केला तर जाणं हुनार न्हाय."

गुरुलिंगचं दुकान उमरग्यात हायवेला होतं, त्याच्या बापाचं, वीरप्पांचं. विहिरीवरच्या मोटारी रिवाइंड करायचं. जळालेली तांब्याची तार उचकटून काढायची, नवी भरायची, वर लाखेचा हात द्यायचा. ती लाख वाळत घातलेली असायची तेव्हा दुकानात एक गोडसर, डोकं जड करणारा वास असायचा. बब्रुवान तेव्हा उमरग्याच्या कॉलेजात प्रयोगशाळेत शिपाई म्हणून नुकताच लागला होता. वय तेवीस. धनगराचं पोर सरकारी पगारावर लागलं याचं कौतुक लोहाऱ्याकडच्या त्याच्या गावात वर्षभर चाललं होतं, आणि त्याला मात्र संध्याकाळी खोलीवर करमत नव्हतं. म्हणून तो वीरप्पांच्या दुकानाच्या फळीवर येऊन बसायचा. गुरुलिंग त्याच्याच वयाचा. घरात कानडी, गिऱ्हाइकाशी मराठी, ट्रकवाल्यांशी दखनी. बोलायचा थोडं. एकदा हैदराबादकडं चाललेल्या एका ड्रायव्हरनं ट्रकातला टेप दुरुस्तीला टाकला. आत कॅसेट अडकलेली होती, तिच्यावर नाव नव्हतं. गुरुलिंगनं ती काढली, टेपचा पट्टा बदलला, हेड स्पिरिटनं पुसलं आणि कॅसेट लावून पाहिली. गाण्यात बिघाड होता. जिथं ठोका पडायचा तिथं काहीच पडत नव्हतं, आणि जिथं काही नको तिथं गिटार टचकन वाजत होती. त्यानं पट्टा पुन्हा काढून बसवला. मोटारचा वेग तपासला. दुसरी कॅसेट लावली, ती नीट वाजली. पुन्हा ही लावली तर पुन्हा तेच. दोन दिवस तो त्या टेपच्या मागं होता. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी बब्रुवान फळीवर बसला असताना त्यानं हातातला पाना खाली ठेवला आणि म्हणाला, "बिघाड न्हाय बे. गाणंच असं हाय."

ड्रायव्हर परत आला नाही. कॅसेट त्यांच्याकडंच राहिली. गाणाऱ्याची भाषा इंग्रजी असावी, पण कॉलेजातल्या इंग्रजीच्या सरांनाही ती पुरती कळली नाही. त्यांनीच, ऐकून ऐकून, याला रेगे म्हणतात असं सांगितलं. बब्रुवानला शब्दांचं काही वाटलं नाही. त्याला ते गाणं ओळखीचं वाटलं होतं, आणि का, ते त्याला एक-दोन महिन्यांनी गावाकडं गेल्यावर उमगलं. त्याचा बाप भागवत मेंढरांमागं चालायचा तेव्हा काठी पावलाबरोबर टेकवत नसे. एक पाय खाली आला, दुसरा अजून उचललेला आहे, त्या मधल्या मोकळ्या जागेत काठी टेके. पाय, काठी, पाय, काठी. लहानपणी बापामागून चालताना बब्रुवानच्या कानात दिवसभर ते असायचं. त्यानं हे गुरुलिंगला सांगितलं. गुरुलिंगनं ऐकून घेतलं, कौतुक केलं नाही. फक्त म्हणाला, "मग तू गा. म्या ती खालची जाड तार वाजवतो." खालची जाड तार म्हणजे बास गिटार, हेही त्यांना तेव्हा माहीत नव्हतं. सोलापुरात एका वाद्यांच्या दुकानात ती टांगलेली पाहून आले आणि गुरुलिंगनं सागाची फळी कापून तशी एक केली. आवाज उचलायला चुंबकाभोवती तांब्याची तार गुंडाळायची असते, एवढं त्याला कुणीतरी सांगितलं होतं, आणि तार गुंडाळणं हाच तर त्याचा धंदा. किती वेढे घालायचे ते त्यानं अंदाजानं ठरवलं. ढोलाला त्यानं स्कूटरच्या ब्रेकचं पायडल बसवलं. हातानं बास, पायानं ढोल, आणि त्याच्या शेजारी उभा राहून बब्रुवान. दोघंच. तिसरा कधी आला नाही.

गाडी नळदुर्गला थांबली. पोरीबाळी चढल्या, दप्तरं, भाजीच्या पिशव्या. एक म्हातारी त्याच्या शेजारी बसली आणि लगेच डुलकी घेऊ लागली. बब्रुवानला आपण हे सगळं दुसऱ्या कुणाचं तरी आठवतोय असं वाटत होतं. पहिला कार्यक्रम, चौऱ्याण्णवचं कॉलेजचं गॅदरिंग, पोरांनी तिसऱ्या ओळीला हुर्यो उडवली होती आणि कुणीतरी ओरडलं होतं, ठेका चुकला, ठेका चुकला. गुरुलिंग मान खाली घालून वाजवत राहिला होता. पुढं गणपतीची मंडळं, लग्नं, एका साखर कारखान्याचा मोळीपूजनाचा कार्यक्रम. हळूहळू माणसांना सवय झाली. ऊस तोडणाऱ्या बायका त्या उलट्या ठेक्यावर नाचू लागल्या, कारण वाकून उठायला त्यात जागा मिळते असं एकीनं सांगितलं. मग हैदराबाद. तिथं आफ्रिकेतून शिकायला आलेली पोरं होती, त्यांच्यातल्या एकानं कार्यक्रमानंतर गुरुलिंगची फळी हातात घेऊन उलटी-सुलटी पाहिली आणि त्याच्या पाया पडल्यासारखं केलं. मग पुणे, बेंगळूर. दोन सी.डी. निघाल्या. बब्रुवाननं बांधलेली गाणी, त्यातलं 'पुढं गेली मेंढरं, मागं ऱ्हायला माग' हे लोक मागून घ्यायचे. आणि दोन हजार सहाला गोव्यात, समुद्राच्या कडेला, हजारएक माणसांपुढं. दुसऱ्या दिवशीच्या इंग्रजी पेपरात त्यांच्यावर लिहून आलं. करिश्मा तेव्हा नववीत होती, तिनं डिक्शनरी घेऊन वाचून दाखवलं. या गायकाचा आवाज उशिरा येतो, असं लिहिलं होतं. घाई नसलेल्या माणसासारखा. ठोका पडून जातो, आपल्याला वाटतं आता हा चुकला, आणि मग तो येतो. असं थांबणं शिकवून येत नाही.

ते वाक्य त्याच्याजवळ राहिलं. कात्रण त्यानं लॅमिनेट करून घेतलं होतं, ते आज फाईलमध्येही होतं. पण वाक्य त्याहून आत गेलं होतं. तो बसची वाट पाहू लागला की त्याला वाटे, मी थांबणारा माणूस आहे. कॉलेजात साहेबांनी चढ्या आवाजात काही म्हटलं आणि आपण लगेच उत्तर दिलं नाही, तर त्याला वाटे, हे तेच. बायकोशी भांडण झालं, तो गप्प राहिला, हे तेच. पेपरवाल्यानं गुरुलिंगबद्दलही एक ओळ लिहिली होती. साथ भक्कम होती, अशी. गुरुलिंगनं ती ऐकली, बरं म्हणाला आणि दुकानात गेला, कारण पावसाळ्याच्या तोंडाला मोटारी फार येत. मुलाखतीला तो कधी आला नाही. कुणी विचारलं तर बब्रुवान सांगे, तो लाजाळू आहे.

दोन हजार तेराच्या उन्हाळ्यात गुरुलिंगचा डावा हात तार गुंडाळायच्या यंत्रात गेला. करंगळी आणि शेजारचं बोट गेलं, मधलं वाकेना. सोलापूरच्या दवाखान्यात बब्रुवान तीन दिवस त्याच्यापाशी होता. उशाशी बसून पाणी पाजलं, धोतर बदललं. हे त्याला आठवायला बरं वाटतं, म्हणून तो ते नेहमी आधी आठवतो. नंतरचं असं होतं की जूनपासून बारा कार्यक्रम ठरलेले होते, बेंगळूरपासून पुण्यापर्यंत, एवढे एकगठ्ठा पहिल्यांदाच. आणि त्याच्याकडं सरावाचं रेकॉर्डिंग होतं. एकदा करिश्मानं कॉम्प्युटरवर दोघांचं वेगवेगळं भरून घेतलं होतं. त्यात गुरुलिंगचा बास आणि ढोल एकटे ऐकू येत. त्यानं गुरुलिंगला विचारलं नाही. विचारलं असतं तर तो हो म्हणाला असता, असं त्याला तेव्हाही वाटलं होतं आणि आताही वाटतं, आणि तरी विचारलं नाही. त्याची स्वतःची बदली तोवर लोहाऱ्याला झालेली होती. तो उमरग्याला गेला तेव्हा गुरुलिंग पट्टी बदलायला गेला होता. घरात महेश्वरी वहिनी होत्या. तो म्हणाला, "वहिनी, बास द्या जरा. तारा बदलून आणतो, गंजल्यात." त्यांनी खुंटीवरून काढून, पदरानं पुसून दिला. पहिला कार्यक्रम बेंगळूरला. स्टेजवर त्यानं शेजारी एक खुर्ची ठेवली, तिच्यावर तो बास आडवा ठेवला, माईकवर सांगितलं की माझा जोडीदार आजारी आहे, त्याचा हात आज आपल्यात आहे. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग त्यानं लॅपटॉपवाल्याला खूण केली आणि गुरुलिंगचा ढोल सुरू झाला.

तो कार्यक्रम जमला नाही. पुढचा त्याहून नाही. काय बिघडलं ते कळत नव्हतं. आवाज तोच, गाणी तीच, खालचा बास तर मोजून मापून तोच, पण चौथ्या-पाचव्या ओळीला लोक मोबाईल काढायचे. बब्रुवानला वाटलं साउंडवाला नवखा आहे. त्यानं स्टेजवरचा स्पीकर बदलायला लावला, जवळ ओढायला लावला. चौथ्या कार्यक्रमानंतर पुढचे आठ रद्द झाले. तोवर कुणीतरी घेतलेला व्हिडिओ उमरग्यात पोचला होता. द्वारकानं घरात तो बास पाहिला तेव्हाच ती म्हणाली होती, "ही वस्तू आपली न्हाय. घरात ठिवू नका." शेवटी तिनंच तो घोंगड्यात बांधून दिला आणि त्यानं एस.टी.च्या पार्सलनं उमरग्याला पाठवला. सोबत चिठ्ठी टाकायची होती. काय लिहायचं ते सुचलं नाही आणि गाडी सुटायची वेळ झाली. मग बारा वर्षं. गुरुलिंगनं कधी फोन केला नाही, बब्रुवाननं केला नाही. कुणी विचारलं तर तो सांगायचा, गुरूचा हात गेला आणि जोडी मोडली. ते खोटं नव्हतं.

उमरग्याला उतरला तेव्हा दोन वाजले होते. हायवे आता रुंद झाला होता. दुकान मात्र तिथंच होतं, एक पायरी खाली गेल्यासारखं, कारण रस्ता वर आला होता. आत लाखेचा वास. गुरुलिंग स्टुलावर बसून मांडीवरच्या मोटारीत तार भरत होता. केस सगळे पांढरे, कपाळावर विभूतीचे पट्टे, आणि डाव्या हाताच्या तीन बोटांत तार अशी धरलेली, जसं त्याला पाच बोटं कधी नव्हतीच. त्यानं वर पाहिलं. चेहऱ्यावर फारसं काही झालं नाही. "बा, कुंद्रु," तो कानडीत म्हणाला आणि पायानं दुसरं स्टूल पुढं सरकवलं. बब्रुवान बसला. गुरुलिंग हातातला वेढा पूर्ण करून मगच थांबला. मग मागच्या दाराकडं तोंड करून त्यानं हाक दिली, आणि महेश्वरी वहिनी पदर सावरत बाहेर आल्या. त्यांनी बब्रुवानला पाहिलं, आत गेल्या, पाण्याचा तांब्या आणून त्याच्यापुढं ठेवला आणि तिथंच उंबऱ्यावर बसल्या.

"बरं हाय का वहिनी?" तो म्हणाला.

"बरं हाय," त्या म्हणाल्या. आणि तेवढ्याच आवाजात पुढं म्हणाल्या, "म्याच काढून दिला व्हता भावजी तुमाला. तारा बदलून आणतो म्हणलात."

"व्हय."

"ह्यांनी आठ दिस इचारलं, आला का, आला का. म्या म्हणायची, येईल. भावजी हायत, कुटं जातुय."

बब्रुवानला तांब्या उचलायचा होता, पण तो उचलला नाही. "चुकलंच माजं," तो म्हणाला. हे वाक्य त्यानं बारा वर्षं वेगवेगळ्या प्रकारे तयार केलं होतं, त्यात कारणं घातली होती, काढली होती. बाहेर पडलं ते एवढंच. वहिनींनी मान हलवली. त्या मान्य करत होत्या की नुसतं ऐकल्याचं सांगत होत्या, ते कळलं नाही. "चहा टाकते," म्हणून त्या उठल्या. भिंतीवर खुंटीला सागाची ती फळी टांगलेली होती. तारा नव्हत्या, आणि मधे जिथं तांब्याचं वेटोळं असायचं तिथं नुसतं चौकोनी भोक होतं. तो तिकडं बघतोय हे पाहून गुरुलिंग म्हणाला, "त्यातली तार एका मोटारीला लागली. कमी पडली व्हती." मग विचारलं, "काय काम काढलंस?"

बब्रुवाननं फाईल उघडून सांगितलं. गुरुलिंगनं सगळं ऐकलं, हात पुसले, बिलबुकाच्या मागचा एक कोरा कागद घेतला आणि लिहू लागला. त्याचं अक्षर पूर्वीसारखंच होतं, शाळेतल्या फळ्यावरच्यासारखं. लिहून त्यानं कागद पुढं केला. श्री. बब्रुवान भागवत हे सन १९९४ ते २०१३ या काळात रेगे गायनाचे कार्यक्रम करीत असत व मी त्यांच्या साथीला होतो, असं लिहिलं होतं. खाली सही. बब्रुवाननं ते दोनदा वाचलं. त्याला एकदम मोकळं वाटलं, आणि त्या मोकळेपणात थोडा मोठेपणाही आला. तो म्हणाला, "साथीला असं नगं लिवू. बरोबरीनं व्हतो असं लिव." गुरुलिंग म्हणाला, "काय फरक हाय?" "हाय. आपुन दोघं व्हतो. तू काय साथीदार न्हवतास." गुरुलिंगनं कागद परत घेतला, 'साथीला' वर एक रेघ मारली आणि वर 'बरोबर' असं लिहिलं. मग पेन तसंच हातात धरून, कागदाकडं बघत म्हणाला, "तो व्हिडिओ म्या लई येळा बघितला."

"खुर्ची ठिवाय नको व्हती."

"खुर्चीचं न्हाय. खुर्चीचं वाईट वाटलं ते चार दिस. पर बघत ऱ्हायलो ते दुसऱ्यासाठी." त्यानं पेन खाली ठेवलं. शब्द शोधत असावा, किंवा सांगावं की नाही ते ठरवत असावा. "तू लवकर येतोस."

"म्हंजी?"

"ओळीवर. समेच्या आधी येतोस. पयल्यापासनं. गॅदरिंगला पोरं ओरडली न्हाईत का, ठेका चुकला म्हणून? ते खरं व्हतं. तवा माज्या ध्यानात आलं, ह्यो थांबू शकत न्हाय. मग तू तोंड उघडाय लागलास की म्या अर्धी मात्रा गिळायचो. ढोल पुढं टाकायचो. ठोका तुज्या आधी पडायचा. लोकास्नी वाटायचं तू सावकाश आलास."

रस्त्यावरून एक लांब ट्रेलर गेला आणि फळीवरचे पाने थरथरले.

"प्रत्येक बारीला?" बब्रुवाननं विचारलं.

"प्रत्येक बारीला कसं. धा ओळीतल्या सात-आठ. तुजा श्वास बघायचो. श्वास वर गेला की कळायचं आता येतंय. त्या टेपवरचा म्या तसा न्हवतो ना. टेपवर म्या एकटाच व्हतो, सरळ वाजवत गेलेलो. त्यो तुज्यासाठी कसा थांबंल, कसा पळंल? चारी गावात तू टेपच्या आधी आधी पळालास. व्हिडिओत सगळं दिसतंय. गडबडीतल्या माणसावानी." हे तो आरोप केल्यासारखं सांगत नव्हता. आलेल्या मोटारीतली कुठली कॉईल जळाली ते गिऱ्हाइकाला दाखवावं, तसं सांगत होता.

बब्रुवानला गोव्याचा समुद्र आठवला नाही, कात्रण आठवलं नाही. त्याला आठवला तो गुरुलिंगचा चेहरा, कार्यक्रमात कायम त्याच्याकडं वळलेला. वीस वर्षं तो शेजारून आपल्याकडं बघत होता, आणि आपण समजत होतो की याला आपलं गाणं आवडतं. "मग सांगितलं का न्हाईस?" तो म्हणाला. आवाज जरा चढला होता. "वीस वर्सं. एकदा सांगाचं."

"सांगून काय केलं असतंस?"

"सुदारलं असतं."

"तेच," गुरुलिंग म्हणाला. "तू मोजाय लागला असतास. एक दोन तीन चार, आता म्हणायचं. मोजून गाणारा गळा मला नको व्हता. म्या मोजत व्हतो की. दोघांनी कशाला मोजायचं?"

वहिनींनी चहा आणला. तिघांनी चहा घेतला. वहिनींनी द्वारकाची चौकशी केली, करिश्माला कुठं दिलं ते विचारलं, नातवंडं किती ते विचारलं. गुरुलिंगनं आपला मुलगा मल्लिनाथ पुण्याला कंपनीत आहे असं सांगितलं. मधेच एक गिऱ्हाईक मोटार घेऊन आलं, गुरुलिंगनं ती हातानं फिरवून कानाशी नेली आणि परवा या म्हणाला. बब्रुवान उठला. कागद घडी करून फाईलमध्ये ठेवला. निघताना आपण काहीतरी म्हणायला हवं असं त्याला वाटत राहिलं, आणि गुरुलिंगला तसं काही वाटत नसावं, कारण तो पुन्हा मांडीवर मोटार घेऊन बसला होता. "येत जा," तो वर न बघता म्हणाला. "द्वारकाला घिऊन ये." वहिनी दुकानाच्या पायरीपर्यंत आल्या. एवढंच म्हणाल्या, "हळू जावा, भावजी. रस्त्यावर गाड्या लई जोरात असत्यात."

लोहाऱ्याला जाणारी जीप चौकात उभी होती. ड्रायव्हर माणसं भरायची वाट बघत बोनेटला टेकला होता. बब्रुवान मागच्या बाकावर जाऊन बसला. अजून चार जागा रिकाम्या होत्या. ऊन तिरपं झालं होतं आणि समोरच्या हॉटेलात कढईत भजी सुटत होती. त्याच्या मनात राग नव्हता. राग शोधला तर सापडेल असं वाटून त्यानं थोडा शोधलाही. आपण कोण होतो, असा काही मोठा प्रश्नही त्याला पडला नाही. त्याला फक्त एक साधी गोष्ट करून बघावीशी वाटली. त्यानं डोळे मिटले आणि मनातल्या मनात ते गाणं धरलं, पुढं गेली मेंढरं. एरवी ते कसं सुरू होई हे त्याला माहीत नव्हतं. ते आपोआप होई. आधी खालून बास येई, मग कुठंतरी तो असे. आता बास आला, ढोल आला, आणि तो थांबला. यायची जागा आली असं वाटलं. पण ही लवकर असेल. त्यानं जाऊ दिली. पुढची आली, ती गेलीच. पुन्हा पहिल्यापासून. एक, दोन, तीन. तीनवर श्वास वर गेला आणि त्यानं स्वतःचा श्वास पाहिला, शेजारून पाहावा तसा, आणि पाहिल्याबरोबर तो अडला. पुन्हा. एक, दोन. जीप भरली, सुरू झाली, गाव मागं पडलं, दोन्ही बाजूंना तुरीची रानं सुरू झाली. ओळ काही सुरू होईना.

समोरच्या बाकावर एक बाई मांडीवर गाठोडं घेऊन बसली होती. ती बराच वेळ त्याच्या तोंडाकडं बघत होती. शेवटी तिनं आपुलकीनं विचारलं, "जप करताय व्हय अण्णा?"

"न्हाय," बब्रुवान म्हणाला. "मोजतोय."